टॅक्सीवाल्या आजोबांचा उसासा

“श्श! आता उसासा येईल!” माइते कुजबुजली.

नेव्हाडातला सूर्य डोंगराआड गेला आणि शेडमधून आवाज आला. खट्! मग लांबलचक, घोगरा ‘हूंऽऽऽ’. छोट्या पेनीने भावाचा, रॉस्कोचा, दंड घट्ट धरला.

शेड माइतेच्या डेलमामाची. विजेच्या गाड्यांतून निवृत्त झालेल्या बॅटऱ्या तो दिवसभर सौर पॅनेलच्या विजेने भरायचा आणि अंधार पडला की त्यांवर गावाचं वाचनालय उजळायचं. प्रत्येक बॅटरीच्या पेटीवर तिच्या गाडीचा फोटो. त्यातच माइतेच्या आजोबांची पोचे आलेली टॅक्सी, खिडकीतून बाहेर त्यांचं कोपर. हिवाळ्यात आजोबा गेले, टॅक्सीची बॅटरी इथे आली आणि उसासे सुरू झाले! गाव म्हणे, भूत. मामा म्हणे, “एवढी पळालेली बॅटरी, तीच बिघडली असणार.” उद्या ती मोडीत जाणार होती.

“आजोबा तुला बोलावत असतील,” रॉस्को म्हणाला.

“गप रे! ते हाक मारायचे तर सगळी गल्ली दचकायची. उसासे टाकणाऱ्यांतले नव्हते ते!”

तिघं आत शिरली. दिवे थरथरले. अंधारात दोन हिरवे डोळे चमकले! पेनी किंचाळली.

“अगं, बिस्किट आहे!” मामाची मांजर एका पेटीवर पसरली होती.

“ती रोज ह्याच पेटीवर झोपते,” पेनी मुसमुसत म्हणाली.

“एवढ्या थंडीत? लोखंडावर?” माइतेने पेटीजवळ लांबूनच हात धरून पाहिला. पेटी तापली होती! आजोबांची मात्र गारठलेली. आणि तो उसासा? तापलेल्या पेटीच्या पंख्याचा!

“कोण आहे? हात लावू नका!” मामा धावत आला.

“मामा, ही तपासून मांडलीस?”

“तपासायची कशाला? आजोबांच्याच बॅटरीबरोबर आली. फोटो बघ, गाडी कोरी करकरीत! फिनिक्सला, त्या भट्टीसारख्या शहरात, वर्षानुवर्षं नुसती उभी…”

“सावलीत?”

मामा चपापला. “नाही गं. भर उन्हात.”

त्याने ती पेटी जोडणीतून सोडवली आणि दोन्ही बॅटऱ्यांची ताकद मोजली. न चालताच कोरी बॅटरी उन्हाने खलास झाली होती. आजोबांची ठणठणीत!

“शाबास रे पोरांनो! आणि माझी चूक झाली, माइते,” मामा म्हणाला. “मोडीत ही जाईल. हिचा धातू नव्या बॅटरीत उतरेल.”

दुसऱ्या दिवशी सूर्य बुडाला. खट्! बॅटऱ्या जोडल्या गेल्या. उसासा नाही. वाचनालय उजळलं.

“भूत गेलं?” पेनीने हळूच विचारलं.

माइतेचे डोळे भरून आले. तिने फोटोतल्या कोपरावर बोट टेकवलं.

“कुठे जातंय! आजोबा रात्रपाळीला निघालेत.”