थिरकऱ्यांची परात

रेवती वडिलांना घरी आणायला निघाली होती, एवढंच. सातवा महिना सरत आलेला, पहिलं बाळंतपण चिखलीला माहेरी करायचं ठरलेलं, आणि माहेरी बघावं तर दाराला कुलूप. आई जाऊन बरीच वर्षं झाली होती. वडील भालचंद्रराव हातांच्या कंपवातावर औषध घ्यायला मोताळ्यापलीकडच्या एका वस्तीवर आठ दिवसांसाठी म्हणून गेले, ते महिना झाला तरी परतले नव्हते. फोन बंद. नवरा विहंग म्हणाला, रविवारी मी जाऊन येतो. पण रेवतीला कुठला धीर! तिनं शुक्रवारीच जीप केली.

पोटातलं बाळ म्हणजे नुसतं वारं प्यालेलं वासरू. घाटातल्या प्रत्येक वळणाला लाथ मारायचं. "आजोबांकडेच चाललोय, जरा दम धर," ती त्याला लटकं दटावत होती.

भुतं रात्रीच भेटतात असं म्हणणाऱ्यांनी मोताळ्याकडची वैशाखातली दुपार पाहिलेली नसते. वस्तीच्या तोंडाशी ड्रायव्हरनं गाडी थांबवली आणि इंजिन बंद केलं.

"इथून पैदल जा ताई. अंदर हॉर्न बी वाजू देत नाहीत थे लोकं."

पहिल्याच ओसरीवर पाळणा टांगलेला होता, पण पांढऱ्या सुतानं खांबाला जखडून बांधलेला. देवळातल्या घंटेचा लोलक तशाच सुतानं गुंडाळलेला. बैलांच्या घुंगरांत कापूस कोंबलेला. घराघरांत पंखे होते, एवढ्या काहिलीत एकही फिरत नव्हता. सगळीकडे धान्याचं बंद पेव उघडल्यावर येतो तसला कोंदट वास. लिंबाखालून जाताना रेवतीनं सहज वर पाहिलं. एक पान हलत नव्हतं. तिचा पदर मात्र वाऱ्यानं फडफडत होता.

आल्या पावली परत फिरावं असं तिला वाटलं. पण तेवढ्यात समोरून एक म्हातारी आली, ओठांवर बोट ठेवून. तिनं नाव सांगितलं, सत्यभामाबाई, आणि काही न विचारताच रेवतीला एका लांबलचक मातीच्या घरात नेलं.

आत अंधार होता. मधोमध काठोकाठ भरलेली पितळी परात, आणि तिच्याभोवती बाया-माणसं मांडी घालून बसलेली, तळवे गुडघ्यांवर पालथे. त्यांच्यात बाबा होते.

रेवतीची नजर आधी त्यांच्या हातांवर गेली. तीन वर्षं त्या हातांनी चहाचा कप धड धरला नव्हता. चहा बशीत, बशीतला सदऱ्यावर. लाजेपायी त्यांनी लग्नाकार्याला जाणं सोडलं होतं. आता ते हात कसे शांत पडले होते! आनंदानं तिचे डोळेच भरून आले.

मग तिला माशी दिसली. बाबांच्या उघड्या डोळ्याच्या बुबुळावरून ती चालत होती, आणि पापणी लवत नव्हती.

"बाबा..."

"हाक नोको मारू, पोरी," परातीपलीकडून एक म्हातारा कुजबुजला. त्याला तिथं रंगराव म्हणत. "पाणी पाह्य. पाणी हललं नाही पाह्यजे."

"काय केलं तुम्ही बाबांना?"

"आमी थिरकरी, थिर बसणारे. खालचं हलू नये म्हून वर बसतो. बापजाद्यापासून. हे गोठ बाहेर कोणाले सांगत नाही. त्यायचा कंप आमी घेतला, बदल्यात त्यायनं इथं बैठक देली. राजीखुशीनं."

"खाली काय आहे?"

"ठाव नाही... माह्या आज्यानं एकदा हललेलं पाह्यलं. मंग तो मरेलोक बोलला नाही."

रेवती बाबांना उठवायला वाकली. ती बाबांशेजारी टेकली. जमीन गार होती. टेकताच भीती ओसरली, पाठीची कळ थांबली, बाळंतपणाची काळजीही कुठच्या कुठे गेली. तिला वाटलं, असंच बसून राहावं. दारातलं ऊन सरकत परातीपाशी आलं, तरी ती उठली नाही.

आणि मग तिला कळलं की काय थांबलं होतं. बाळ.

तिनं पोटावर हात ठेवला. दाबून पाहिलं. कूस बदलून पाहिली. काहीच नाही.

"बाबा, बाळ हलत नाही... बाबा, ऐकताय ना... बाळ हलत नाही हो..."

बाबांची पापणी लवली. करंगळी थरथरली, मग पंजा, मग कोपरापर्यंत सगळा हात. परातीतल्या पाण्यावर सुरकुती उमटली. जमिनीखाली काहीतरी जड, घासत, कूस बदलल्यासारखं वाजलं. बसलेल्यांपैकी कोणाची मान वळली नाही. डोळे तेवढे वळले, एकदम सगळ्यांचे, बाबांकडे.

बाबांनी तिचं मनगट धरलं. "ऊठ रेवा... मागं पाहू नको..."

कोणी अडवलं नाही. रंगराव तेवढा मागून म्हणाला, "जा भालचंद्रराव. पण जागा रिकामी राह्यत नाही. कोणी ना कोणी भरतेच थे..."

जीप पहिल्याच खड्ड्यात आदळली आणि बाळानं अशी लाथ मारली की रेवती रडता रडता हसली. बाबा थरथरते हात मांडीखाली दाबून बसले होते.

मुलगी झाली, दिवस भरून, गुटगुटीत. रात्री-बेरात्री रडणं नाही, हातपाय झाडणं नाही. नर्स म्हणाली, केवढं शहाणं बाळ! रेवतीनं त्या शहाणपणाचा विचार करायचं नेटानं टाळलं.

बारशाला घर भरलं. आत्याबाईंनी, म्हणजे विहंगच्या बहिणीनं मयुरीनं, बाळाच्या कानात नाव सांगितलं. बायकांनी पाळण्याला झोका दिला. पाळणा एका बाजूला गेला आणि तिथंच राहिला. तिरका, हवेत.

"दोरी अडकली वाट्टे," कोणीतरी हसून म्हणालं. मयुरीनं वर पाहिलं. दोरी मोकळी होती.

आत बाळ जागं होतं. डोळे टक्क उघडे, तळवे पालथे.

पाळणा खाली ओढायला बाबा पुढे झाले. थरथरता हात त्यांनी पाळण्याच्या काठावर ठेवला, आणि तो थांबला. कपबशी धरता न येणारा तो हात, अगदी शांत. बाबांनी रेवतीकडे पाहिलं. त्यांचा चेहरा पांढराफटक पडला होता.

अंगणात लिंबाचं झाड होतं. बाहेर वारा सुटला होता, तो तिला ऐकू येत होता, पानांची सळसळ मात्र नाही. रेवतीनं खिडकीकडे पाहिलं नाही.