वीतभर सरकवलेला कंदील

पोलंडमधल्या सुवाऊकीत डिसेंबरात साडेतीनलाच दिवे लागतात, आणि बोगनाला त्याचं कधी काही वाटलं नव्हतं. चष्म्याच्या दुकानातून सुटली की वाटेत पाव घ्यायचा, घरी येऊन सूप गरम करायचं आणि वाटी घेऊन कॉम्प्युटरसमोर बसायचं. बेचाळीस वर्षांची बाई, नाकावर चाळशी, आणि खेळ खेळते! दुकानातल्या पोरींना कळलं असतं तर त्यांची हसून हसून पुरेवाट झाली असती. पण ती खेळायला बसायचीच नाही मुळी. तिथे तिला भाऊ भेटायचा.

ओलेक तिच्याहून बारा वर्षांनी धाकटा. आई गेली तेव्हा सात वर्षांचा होता, आणि पुढे त्याला वाढवला तो बोगनानेच. पोरगा अंधाराला फार भ्यायचा. पलंगावरून हाक यायची, "बोगना, दिवा लाव ना." मग ही त्याच्या उशाशी छोटा दिवा लावायची आणि त्याला झोप लागेपर्यंत बसून राहायची. तोच ओलेक आता ग्दान्स्कच्या बंदरात क्रेन चालवत होता. खेळ त्यानेच शिकवला. "रोज फोनवर काय बोलणार गं तू? जेवलास का, टोपी घातलीस का. त्यापेक्षा ये, आपण घर बांधू."

बांधलंही. बर्फाळ जंगलात, लाकडाचं. झाडं तोडायची, मासे धरायचे, थंडीने मरायचं नाही, एवढाच खेळ. खरी गोम होती दिव्यांत. तिथे संध्याकाळ झाली की जिथे उजेड पोचत नाही त्या जागेतून काहीतरी उगवायचं. काळं, उंच, तोंड नसलेलं, आणि सापडेल त्याचा जीव घेणारं. ओलेक त्यांना 'पाहुणे' म्हणायचा, कारण न बोलावता यायचे. घराच्या आतसुद्धा कोपऱ्यात हातभर अंधार राहिला की पाहुणे हजर. आणि काच मिळायची मारामार, त्यामुळे कंदील मोजकेच. हातोडा घ्यायचा, कंदिलावर नेम धरून बटण दाबून ठेवायचं, की तो सुटून झोळीत येतो. मग नवी जागा शोधून टांगायचा. कुठल्या तुळईवरून उजेड कुठल्या फळीपर्यंत जातो, हे बोगनाला तोंडपाठ होतं. दोन हिवाळे तिने त्या घरात एकही पाहुणा येऊ दिला नव्हता.

मग किंगा आली.

किंगा म्हणजे ओलेकची होणारी बायको. फुलांच्या दुकानात कामाला, आणि सारखी हसणारी. ती ओलेकच्या फ्लॅटमध्ये राहायला आली, ते बोगनाने गिळलं. मग ती खेळातही आली. आल्या आल्या तिने चुलीपाशी बोगना बसायची त्या खुर्चीवरचा कंदील काढला आणि झोपायच्या खोलीत नेऊन टांगला. तिच्या आणि ओलेकच्या पलंगावर.

"बोगनाबाई, तुम्हाला चालेल ना?" हेडफोनमध्ये तिचा आवाज आला. "तिथे कसा दवाखान्यासारखा उजेड पडायचा. इथे बघा, किती छान वाटतंय."

"किंगाला नजर आहे हं!" ओलेक म्हणाला. "आपण दोघांनी इतके दिवस नुसतं गोदाम करून ठेवलं होतं, बोगना."

गोदाम! बोगनाच्या अंगाचा तिळपापड झाला. "चालेल की," ती म्हणाली.

बोगनाबाई आणि तुम्ही. मला नावाने हाक मार, असं मोठ्या माणसाने आपणहून म्हणायचं असतं. वर्ष झालं तरी बोगनाने म्हटलं नव्हतं. किंगा बिचारी वाट बघत होती, आणि ती वाट बघतेय याचंच बोगनाला बरं वाटायचं.

डिसेंबरच्या सुरुवातीला ओलेकने हळूच विषय काढला. "यंदा नाताळचं जेवण किंगाच्या आईकडे करावं म्हणतोय. तोरुनला."

"बरं. आणि मी?"

"तू पण ये ना."

"मी कशाला येऊ? मला तिथे कोण ओळखतं?"

"झालं तुझं सुरू," ओलेक म्हणाला. मग तो खेळातून गेला. त्याच्यामागोमाग किंगाही.

खेळातून माणूस गेलं तरी त्याचं बाहुलं पलंगावर झोपलेलं राहतं. बोगना दाराशी उभी राहून दोघांकडे बघत राहिली. उजवीकडे ओलेक, डावीकडे भिंतीच्या बाजूला किंगा, आणि वर तिचा स्वतःचा कंदील. इतकी वर्षं सगळे सण तिने एकटीने केले, स्वतः फाटक्या कोटात हिवाळे काढून याला नवे बूट घेतले, आणि आता तोरुन! ती हेव्याने नुसती पेटली होती. तिने हातोडा घेतला, कंदील काढला आणि उजवीकडे सरकवून पुन्हा टांगला. फार नाही, वीतभर. डाव्या उशीवरचा उजेड गेला. बाकी खोली होती तशीच राहिली.

दुसऱ्या दिवशी हेडफोनमधून किंकाळी आली. "अगंबाई, मेले मी! झोपेतच मेले!"

"कंदील कुणी हलवला?" ओलेकने विचारलं.

बोगना सूप ढवळत राहिली. "मी कशाला हलवू?"

"माझाच हात लागला असेल," किंगा हसत म्हणाली. "मला कुठे बोगनाबाईंसारख्या फळ्या मोजता येतात? राहू दे, मी दुसरीकडे झोपेन."

झोपली दुसरीकडे. कंदील होता तिथेच राहिला.

रविवारी ओलेकचा व्हिडिओ कॉल आला, त्यांच्या झोपायच्या खोलीतून. किंगा मागे उभी होती. डोळ्यांखाली काळं आलेलं.

"हिला झोप नाही," ओलेक म्हणाला. "म्हणते, माझ्या बाजूला उजेडच पडत नाही. दोनदा बल्ब बदलला मी."

"डोळे तपासून घे म्हणावं," बोगना म्हणाली. "नंबर आला असेल."

"नाही हो, बोगनाबाई. तुम्हीच बघा ना."

ओलेकने फोन पलंगाकडे वळवला. उशाशी टेबललॅम्प लागलेला होता. उजवी उशी पिवळ्या उजेडात, भिंत उजेडात, पांघरुणावरची निळी फुलंसुद्धा एकेक दिसत होती. डावी उशी मात्र अंधारात. कड सरळ होती, पट्टीने आखल्यासारखी. बोगनाचं सगळं आयुष्य काचा आणि उजेड यांत गेलेलं. सावली पडायला मध्ये काहीतरी असावं लागतं, हे तिला कुणी सांगायला नको होतं. मध्ये काहीच नव्हतं.

फोनच्या कॅमेऱ्याचा दोष, असं तिने स्वतःला सांगितलं. तरी संध्याकाळी खेळ उघडला. पलंगावर तीच कड होती. तिने कंदील काढून उशाच्या बाजूला सरकवला. अंधार उशीवरून निघून पायथ्याशी गेला.

सकाळी ती दुकान उघडत होती तेव्हा ओलेकचा निरोप आला. "गंमत बघ. आज उशी ठीक आहे. आता पायाकडे अंधार. वायरिंगचा माणूस बोलावू का?"

किल्ली कुलपात तशीच राहिली. दिवसभर तिने गिऱ्हाइकांना उलटसुलट चष्मे दिले, आणि तीन वेळा मालकाच्या शिव्या खाल्ल्या.

घरी येऊन तिने हातोडा उचलला. कंदील मूळ जागी टांगायचा होता, बस्स, क्षणाचं काम. तिने तो काढला, नेम धरला, आणि पुन्हा वीतभर उजवीकडेच टांगला. डाव्या उशीवर अंधार परत आला. का केलं असं, हे तिला पक्कं ठाऊक होतं. तोरुन. चार दिवस भोग म्हणावं, मग लावीन नीट.

ते चार दिवस मोठ्या मजेत गेले तिचे.

मग एका दुपारी फोन आला. बोगना नाताळसाठी एकटीपुरतं बीट चिरत होती.

"खूश हो," ओलेक म्हणाला. "आम्ही तुझ्याकडे येतोय. किंगानेच ठरवलं. म्हणाली, बोगनाबाई एकट्या बसतील आणि आपण तिथे मासा खायचा, बरं दिसतं का? तिच्या आईलाही तिनेच समजावलं."

बोगनाने चिरलेलं बीट पुन्हा चिरायला घेतलं.

"ऐकते आहेस ना?"

"हो. आणि ती... झोपते का आता?"

"मस्त झोपते. आम्ही जागा बदलल्या. परवापासून तिच्या जागेवर मी झोपतो."

सुरी बिटांत पडली. बोगनाने लाल हातांनीच कॉम्प्युटर चालू केला.

"खुळा की काय तू!" ती ओरडली. "उठ तिथून! तिथे झोपू नकोस, ओलेक, ऐक माझं!"

"दिवसाढवळ्या कोण झोपलंय?" तो हसला. "काय झालं तुला?"

खेळ उघडला. खोलीत डावीकडे भिंतीच्या बाजूला ओलेकचं बाहुलं झोपलेलं होतं. इथेही त्याने जागा बदलली होती. बोगनाने कंदील काढला. नेम तीनदा चुकला. शेवटी तुळईवर पहिल्या जागी तो लागला. उजेड उशीवर आला, भिंतीवर आला, पांघरुणावर पसरला.

ओलेकवर आला नाही.

तिने दुसऱ्या खोलीतला कंदील आणला. मग चुलीवरचा, मग दारातला. सगळं घर अंधारात टाकून सगळे कंदील त्या एका पलंगावर टांगले. फळ्यांमधल्या भेगासुद्धा उजळल्या. मधोमध ते बाहुलं तेवढं काळं पडून होतं.

नाताळच्या आदल्या दिवशी दुपारी ती दोघं आली. जिन्यात बूट आपटल्याचा आवाज, किंगाचं हसणं. बोगनाने घरातला एकूणएक दिवा लावून ठेवला होता, स्नानघरातलासुद्धा.

"बापरे," किंगा म्हणाली, "लग्नघर वाटतंय." तिचे गाल थंडीने लाल झाले होते. डोळ्यांखालचं काळं गेलं होतं.

ओलेक मागून आला. नवा पांढरा शर्ट घातलेला. दाराशी तो करडा दिसला. दिवाणखान्यात दिव्याखाली आला, तरी करडाच.

पांढऱ्या टेबलक्लॉथवर चार ताटं होती. तिघांची तीन, आणि अवचित कुणी आलं तर म्हणून ठेवतात ते चौथं. ओलेक सरळ जाऊन त्या चौथ्यापाशी बसला.

"अरे, ती पाहुण्याची जागा," किंगा म्हणाली.

"असू दे," तो म्हणाला.

पापडासारखी पातळ पोळी बोगनाने उचलून किंगापुढे धरली. एकमेकींच्या पोळीचा तुकडा मोडायचा, आणि चांगलं काहीतरी चिंतायचं.

"मला नावाने हाक मार," ती म्हणाली. "बोगना म्हण. बाई नको. माझं चुकलं, पोरी."

किंगाने तिला मिठीच मारली. "अगं, काय चुकलं? काही नाही चुकलं, बोगना."

तिच्या खांद्यावरून बोगना भावाकडे बघत होती. टेबलक्लॉथवर उजेड होता, सुपाच्या वाटीवर होता, चमच्यावर होता. त्याच्या बोटांपाशी येऊन तो थांबत होता. कड सरळ होती.

"ओलेक, दिसतं ना रे तुला नीट?"

"दिसतं की. म्हणजे, संध्याकाळी दिसतं तसं." त्याने मीठ बरोबर उचललं, काही सांडलं नाही. "तू चष्म्याच्या दुकानातली. बघ माझे डोळे."

बोगना त्याच्यासमोर खुर्ची ओढून बसली. दुकानातला छोटा टॉर्च ती खिशात घेऊनच हिंडत होती. तिने एका हाताने त्याची हनुवटी धरली, लहानपणी नाक पुसताना धरायची तशी. हनुवटी गार होती. तिने टॉर्च लावला आणि त्याच्या उजव्या डोळ्यासमोर अगदी जवळ धरला.

डोळ्यातली बाहुली मोठी आणि काळी होती. एवढ्या उजेडातही जराही आकसली नाही.

किंगा स्वयंपाकघरात मासा तळत होती, गुणगुणत. ओलेक बहिणीकडे बघून हसला, आणि किंगाला ऐकू जाऊ नये इतक्या हळू म्हणाला,

"बोगना, दिवा लाव ना."