करीच्या रात्रीचं पाणी

मी बारावी सायन्स काठावर पास झालेली बाई. घरात कोणी विज्ञान बोलाले लागलं की मी नुसती मान हलवते अन् हातातलं काम करत राहते. त्या दिवशीही तसंच. आमच्या गावी, किन्हीराजाले, जेवणं झाल्यावर, लाईट गेलेली. ओसरीवर कंदील, अन् मी तुरीच्या शेंगा सोलून राह्यली होती. माही पोरगी निकिता वाशिमले बीएस्सी करते. ती तिच्या आबाजीले, म्हणजे माह्या सासऱ्याले, शिकवून राह्यली होती. त्यायचं नाव दौलतराव. तोंडानं मी घेत नाही, लिहिलं तं चालते.

"आबाजी, आमच्या एका सराचं म्हणणं हाये, जग एक नाही, लय हायेत. अन् प्रत्येकात आपण हावोत. पण विचार सगळ्यायचा जोडलेला. जसे एका डीपीवर सगळ्या गावचे बल्ब. इथं तुमच्या डोक्यात काही आलं, की त्याच घडीले तिकडच्या तुमच्या डोक्यातही येते. तुमी ते नाही केलं, तं तिकडचा कोणीतरी करून टाकते."

"माह्या डोक्यात तं रोज येते, आज स्वयंपाक करू नये," मी म्हणलं. "तिकडची मंजुषा झोपली असन निवांत."

"अन् तिकडचे बाबा उपाशी," निकिता म्हणे.

आबाजी हसले नाही. कंदिलाची वात कमी केली त्यायनं.

"तुह्या सराचं हे कोणी मानते काय?"

"अजून नाही."

"जगदेव मानते," आबाजी म्हणे.

जगदेव त्यायच्या बरोबरीचा, गावातलाच. मंग आबाजीनं जे सांगतलं ते असं. मी त्यात पदरचं काही घातलं नाही, माहं भ्याव सोडून.

"परसालची गोष्ट. संक्रांतीच्या दुसऱ्या दिवशी कर असते ना, ते करीची रात्र. जगदेव अन् भागवत सख्खे भाऊ. विहीर एक, मोटर एक. एक रात्र याची पाळी, एक रात्र त्याची. शेतीची लाईट त्या हप्त्यात रात्री बारानंतर. अन् दोघं बोलत नव्हते. एका लग्नात भागवत भर पंगतीत म्हणला होता, 'माह्या भावानं बांध कोरून खाल्ला.' लोकं हसले. जगदेव ताटावरून उठून आला. मंग दोघायनं मोबाईलातले नंबरही उडवले.

"करीच्या सकाळी जगदेव मोटर बंद कराले गेला, तं स्टार्टरच्या पेटीत करंट उतरलेला. झटका बसून मांगं पडला, म्हणून वाचला. वायरमन म्हणे, उद्या येतो. अन् त्या रात्री पाळी भागवतची."

"सांगतलं नाही काय त्याले?" निकितानं इचारलं.

"सांगाचंच होतं. केवढंसं काम ते. संध्याकाळी जातो म्हणे, मंग जेवून जातो म्हणे. जेवून खाटेवर आडवा झाला. अन् आडव्या माणसाच्या डोक्यात आलं... नाही सांगतलं, तं कोणाले समजते?"

माहे हात थांबले. आपल्या डोक्यात आजवर काय काय येऊन गेलं, ते आठवाची मले काही हौस नव्हती.

"विचार आला अन् बसला. पंगतीतलं हसणं कानात. जगदेव पडून राह्यला. लय वेळ. मंग एकदम उठला. भागवतच्या घरी गेला तं तो वावरात निघून गेलेला. जगदेवनं बॅटरी घेतली, काठी घेतली, पांदणीनं निघाला.

"आर्ध्या पांदणीत समोरून माणूस. हातात उजेड नाही. चाल वळखीची. जगदेवनं बॅटरी मारली..."

"कोण होतं?"

"जगदेव."

निकिता माह्याजवळ सरकली. मी आधीच सरकलेली होती.

"तेच तोंड. डोळे सुजलेले. इकडचा म्हणे, भागवतले सांगाले चाललो. तो... नुसता पाहे. मंग म्हणे, 'मलेही वाटलं होतं, जावं. पण मी पडूनच राह्यलो.'

"अन् वावराकून बाईचं रडणं आलं.

"जगदेव पळाला. त्याच्या अंगावरूनच. मांगं पाह्यलं... पांदण रिकामी.

"विहीर. अंधार. भागवत पेटीसमोर. हात पुढं...

"जगदेवनं काठी हाणली. हातावर."

"मंग?"

"'माराले आला काय बे?' भागवत म्हणे. जगदेवनं काठीनं नुसती पेटी दाखवली. भागवतनं टेस्टर लावला. पेटला तो. मंग दोघंही तिथंच बसले, उजाडेवरी."

"अन् रडत कोण होतं?"

आबाजी म्हणे, "तेच पाहाले मले बोलावलं सकाळी. म्हणून सांगतो, ऐकीव नाही हे. भागवतची बायको प्रयागबाई चहा घेऊन आली होती. पेटीखाली चिखलात बांगड्या पडलेल्या. फुटलेल्या. ढीगच. हिरव्या, सोनेरी ठिपक्यायच्या. प्रयागबाईनं पाह्यलं अन् आपले हात पुढं केले. संक्रांतीले रिसोडहून भरल्या होत्या तिनं... त्याच. दोन्ही हात भरलेले. एकही कमी नाही.

"जगदेव खाली बसला अन् एकेक तुकडा येचाले लागला. बोटं कापली, तरी येचे.

"भागवत म्हणे, 'सोड ना दादा. मी जित्ता हावो ना.'

"'इथं,' जगदेव म्हणे.

"मी त्याले समजावलं, तू तं गेला, तू वाचवलं. तं मले म्हणे, 'दौलत, तो विचार पहिले त्याच्या डोक्यात आला का माह्या?' अजून इचारते. काय सांगू मी त्याले..."

कंदील फडफडला. आबाजी आपल्या बोटाकडे पाहून राह्यले होते.

"एका तुकड्याले कुंकू लागलेलं होतं," ते म्हणे. "मी बोट लावून पाह्यलं.

"ओलं होतं."