न आलेली आठी

"अहो, ही गाडी विश्रामबागला जाते का?"

"बाई, ही पाण्याची टाकी आहे. कुठंच जात नाही."

सांगलीच्या एसटी स्टँडवर, नव्याण्णवच्या फेब्रुवारीत, भर दुपारी माझं आणि राजरत्नचं पहिलं बोलणं झालं ते हे. टाकीला लाल रंग दिलेला, मला काय कळणार! उणे सातचा नंबर. पाटणहून निघाले तेव्हा चष्मा डोळ्यांवर होता. कराडला गाडी बदलताना एका मावशींचं गठुळं बरोब्बर तोंडावर आदळलं आणि दोन्ही काचा फुटल्या. पुढचा सगळा प्रवास मी अंदाजानंच केला होता.

"हसू नका," मी म्हटलं. "डोळ्यांच्या दवाखान्यात जायचंय."

"हसत नाहीये."

"दिसत नसलं तरी ऐकू येतं मला."

मग मात्र तो खळखळून हसला. "चला. मीही तिथंच निघालोय. मीच नंबर तपासतो तिथं."

माझ्या तोंडाचा आ झाला. पुढे एक निळा शर्ट आणि मागे मी, अशी आमची वरात दवाखान्यात पोचली.

अंधाऱ्या खोलीत त्यानं डोळ्यांवर ती जड लोखंडी चौकट चढवली आणि एकेक भिंग घालायला लागला. "हे बरं, का हे?"

"हे... बरं आहे."

"खोटं."

"तुम्हाला काय कळलं?"

"तोंडानं बरं म्हणताय, पण कपाळाला आठी पडलीय. इथं, मधोमध." त्यानं स्वतःच्या भुवयांच्या मधे बोट ठेवलं. "तुमचं कपाळ फार प्रामाणिक आहे. आता तुम्ही बोलूच नका, मी कपाळालाच विचारतो."

आगाऊ! पण नंबर असा अचूक निघाला म्हणता... नव्या चष्म्यातून मी पहिल्यांदा त्याचाच चेहरा स्वच्छ बघितला. सावळा, उंच, डाव्या गालावर तीळ. आणि बाई गं, मी त्या तिळाकडे जरा जास्तच वेळ बघत बसले.

त्या आठीचं दुखणं मात्र मोठं होतं. मी पाटणच्या पोस्टात क्लार्क, वय सव्वीस, घरी आई जाईबाई आणि मिलिटरीतून रिटायर झालेले वडील. घरात माझ्या लग्नाशिवाय दुसरा विषय नव्हता. पाहुणे बघायला आले की आई पहिलं काम काय करायची, तर चष्मा काढून घ्यायची आणि पिठाच्या डब्यामागं लपवायची. "आगं, जाड भिंगाची पोरगी कोन करनार? घटकाभर काढलास तर काय जीव जातोय व्हय?" मग मी चहाचा ट्रे घेऊन चाचपडत बाहेर यायची. एकदा खुंटीवरच्या कोटाला वाकून जय भीम केला होता मी! डोळे बारीक करून बघायची सवय, त्यामुळं कपाळाला ही एवढी आठी. पाहुणे घरी जाऊन निरोप धाडायचे – मुलगी नोकरीची हाय, पर लय रागीट दिसती. असे तीन नकार झाले होते.

पहिले दोन मला लागले. तिसरा नाही लागला, कारण तोवर मला दर महिन्याला सांगलीत काम निघायला लागलं होतं. कधी चष्म्याची दांडी सैल, कधी डोळ्यात चुरचुर. बाहुली मोठी करायचे थेंब घातले की दोन-तीन तास नीट दिसत नाही, म्हणून राजरत्न मला स्टँडपर्यंत सोडायला यायचा. वाटेत भडंगाची पुडी घ्यायचा आणि तिखट दाणे मला वेचून द्यायचा.

"मिरजेच्या पेशंटलाही असेच सोडता का हो?"

"ते बरोबर माणूस घेऊन येतात. तुम्ही एकट्याच येता."

"मुद्दाम येते."

हे मी बोलून गेले आणि कानापर्यंत तापले. दाण्यांऐवजी त्यानं सगळी पुडीच माझ्या हातात दिली.

मला तो हवा होता. अगदी सरळ सांगते. पण आमच्याकडं मुलगी असं तोंडानं सांगत नाही. आणि तोही भित्रा निघाला. मी सरकारी नोकरीतली, तो खासगी दवाखान्यात, पाठीवर दोन बहिणी... त्याच्या डोक्यात हे असणार. त्यानं विचारावं म्हणून मी वाट बघायची, आणि तो माझं कपाळ बघायचा.

ऑगस्टमध्ये दवाखान्यात लेझरचं मशीन आलं. डॉक्टर संयोगिता मॅडम म्हणाल्या, "प्रियदर्शनी, तुझा नंबर जाईल. चष्मा सुटेल कायमचा."

"आणि ही आठी?" मी विचारलं.

मॅडम हसल्या. काही पेशंटच्या पापण्या आपोआप गच्च मिटतात, त्यांना त्या एक इंजेक्शन द्यायच्या. स्नायू सैल पडतो. "तेच औषध भुवयांच्या मधे टोचलं तर आठी पडत नाही. तीन-चार महिने टिकतं. परदेशात बायका सुरकुत्यांसाठी घेतात. लेझरनंतर आठवड्यानं देऊ शकते, पण घाई नाही. विचार कर."

विचार कसला करायचा? नंबरही जाणार, आठीही जाणार! आईला तर पाहुण्यांची रांगच दिसायला लागली. मला मात्र एकच माणूस दिसत होता. उघड्या डोळ्यांनी, गुळगुळीत कपाळानं मी त्याच्यासमोर उभी राहणार आणि तो विचारणार. पाहुण्यांचं नाव होतं, नटणं सगळं त्याच्यासाठी होतं.

आणि त्यालाच ते नको होतं.

"लेझर करा, खुशाल करा," स्टँडवर तो म्हणाला. "इंजेक्शन कशाला? दोन-दोन गोष्टी एकदम कशाला करायच्या डोळ्यांपाशी? पापणी उतरली म्हणजे?"

"मॅडमचा हात चांगला आहे."

"हाताचा प्रश्न नाही." तो घुटमळला. "त्या आठीमुळं मला तुमचं कळतं... बाकी तुम्ही काही सांगत नाही."

"नकार मला येतात, तुम्हाला नाही!"

"ज्यांनी नकार दिला ते गाढव होते."

आता सांगा, यावर माणूस काय करेल? मी विरघळले. "बरं, नाही घेत," म्हटलं. "शब्द?" "शब्द."

लेझर ऑक्टोबरात झालं. डोळ्यांवर थेंब, वर लुकलुकणारा लाल दिवा, केस जळल्यासारखा वास. बाहेर राजरत्न येरझाऱ्या घालत होता म्हणे. दुसऱ्या दिवशी पट्टी निघाली आणि समोरच्या भिंतीवरच्या कॅलेंडरातल्या तारखा मी घडाघडा वाचून दाखवल्या. तो टाळ्या वाजवत होता, मी रडत होते.

आठवड्यानं तपासणीला गेले तर तो नव्हता. जतकडं डोळ्यांच्या शिबिराला गेला होता, दहा दिवसांसाठी. मॅडमनी पापण्यांच्या पेशंटसाठी औषधाची बाटली फोडली होती. "उरलंय, टिकणार नाही. ठरलंय का तुझं?"

मी दिलेला शब्द मला आठवला. नाही असं नाही. पण आदल्याच दिवशी खंडाळ्याच्या पाहुण्यांचा नव्या वर्षात बघायला येतो असा निरोप आला होता, आणि आईनं आरशासमोर उभं करून म्हटलं होतं, "डोळं निघालं चांगलं, पर ह्ये कपाळ बघ की गं." मी मनाशी म्हटलं, त्याला कुठं कळतंय! चष्मा गेला म्हणून आठी गेली असंच वाटेल त्याला. आणि दिसेन तर छानच. पाच बारीक टोचण्या. झालं.

हीच ती चूक. दुसऱ्या कुणावर ढकलायला जागाच नाही.

डिसेंबरात गेले. निळी साडी, मोकळे डोळे. तो बघतच राहिला. "दिसतं ना सगळं?" एवढंच विचारलं त्यानं, पण आवाज बदलला होता. थेंब नव्हते घातले, तरी सोडायला आला. सगळं दिसत होतं मला, तरी त्याच्या मागोमागच चालत होते.

स्टँडवर भडंगाची पुडी त्यानं हातातच धरून ठेवली. मग एकदम म्हणाला, "घरचे विट्याचं स्थळ बघतायत. मुलगी शाळेत शिकवते. रविवारी होकार कळवायचाय."

पुडी हिसकावून फेकावी, त्याची कॉलर धरावी, असं काय-काय मनात आलं... आणि तो माझ्याकडे एकटक बघत होता. डोळ्यांकडं नाही, जरा वर.

"छान," मी म्हणाले. "अभिनंदन."

"तुम्हाला... काही वाटत नाही?"

"मला काय वाटायचंय?"

नाकावरचा राग, दुसरं काय! याला विचारायचं असेल तर सरळ विचारावं, स्थळाची बातमी काय देतो? असं मनात म्हणत मी उभी राहिले. तो अजून थोडा वेळ बघत होता, जसा भिंग बदलून उत्तराची वाट बघायचा तसा. मग मान खाली घालून म्हणाला, "बरं." कराडची गाडी लागली. मी चढले. खिडकीतून हात केला की नाही, तेही आठवत नाही.

जानेवारीत त्याचं लग्न झालं. पत्रिका पोस्टातूनच आली आणि शिक्का माझ्याच हातानं मारला. खंडाळ्याचे पाहुणे आले, त्यांनी पसंत केलं. या खेपेला नकार मी दिला. "आता तर कपाळ बी चांगलं झालंय," आई कळवळून म्हणाली, "आता का न्हाई म्हनतीस?"

मार्चच्या शेवटी सहा महिन्यांची तपासणी होती. खोली तीच, खुर्ची तीच. तो अगदी कामापुरतं बोलत होता. भिंतीवरच्या शेवटच्या ओळीतलं बारीक अक्षर वाचताना मी नेहमीसारखे डोळे बारीक केले, आणि त्याचा हात थांबला.

"आठी..." तो म्हणाला. "ही कधी आली परत?"

"महिना-दीड महिना झाला. औषध चार महिनेच टिकतं."

"कसलं औषध?"

मग सांगावं लागलं. जतचं शिबिर, उरलेली बाटली, मोडलेला शब्द. सांगताना माझाच आवाज बारीक होत गेला. तो स्टुलावर बसला.

"म्हणजे डिसेंबरात... तुमचं कपाळ हलणारच नव्हतं."

"नाही."

"मी त्या दिवशी तेच बघत होतो. म्हटलं, बातमी सांगू आणि बघू. आठी पडली तर घरी जाऊन विट्याला नकार कळवायचा. आईला तसं सांगूनही ठेवलं होतं." तो हसायचा प्रयत्न करत होता. "पण तुमचं कपाळ असं शांत... मला वाटलं, हिला काहीच नाही."

माझा तोल सुटला. "मेल्या, तोंडानं विचारता येत नव्हतं?"

"तुम्हाला तोंडानं सांगता येत नव्हतं?"

बैल गेला आणि झोपा केला म्हणतात, ते हेच. त्याला विचारायची भीती, मला सांगायचा ताठा, आणि आमच्या दोघांच्या जन्माचा निकाल आम्ही भुवयांमधल्या बोटभर कातडीवर सोपवला होता. तीही मी सुया टोचून मुकी केली.

मी उठले. दाराबाहेर पेशंट बसले होते, ऐकत असतील तर असोत. "राजरत्न," पहिल्यांदाच त्याला नावानं हाक मारली, "मला तुम्हीच हवे होतात. टाकीपाशी भेटलात तेव्हापासून. त्या दिवशी स्टँडवर मी खोटं बोलले."

त्याचे डोळे भरून आले. "आता नका बोलू हे. ती... चांगली आहे. सकाळी लवकर उठून डबा करून देते, मग शाळेला जाते. तिचा काय दोष?"

"मी कुठं तिला दोष देते?" पदर सावरला. "नाव काय तिचं?"

"यशोधरा."

"छान नाव आहे," मी म्हणाले, आणि ते खरंच मनापासून म्हणाले.

तो सवयीनं सोडायला उठला होता. मी हातानंच थांबवलं. जिना उतरले, रस्ता ओलांडला, गाडीची पाटी लांबूनच स्वच्छ वाचता आली. कराडपर्यंत कुणी शेजारी बसलं नाही, ते एक बरं झालं. मला पोटभर रडता आलं.