अर्धं पाऊल

ध्वनिमुद्रणाच्या स्टुडिओत मी दार उघडलं, ते चुकीचं. आत एक उंचापुरा, दाढीवाला माणूस बायकांच्या सँडल घालून फरशीच्या तुकड्यावर, मायक्रोफोनसमोर चालत होता. समोरच्या पडद्यावर माझी नायिका चालत होती... आणि तिच्या पावलांचा आवाज याच्या पायांतून येत होता.

मी जागीच खिळले. आठ वर्षं मालिकांचे संवाद खरडल्यावर मला हा पहिला सिनेमा मिळाला होता. ‘ती चालत येते’ असं मी हजारदा लिहिलं असेल. पण ते चालणं कुणीतरी असं जीव ओतून चालतं, हे माझ्या गावीही नव्हतं.

“हसू नका,” तो न वळताच म्हणाला. “माझ्या मापाच्या मिळत नाहीत.”

“हसत नाहीये. मी... हिची लेखिका.”

आता तो वळला. “मग तुमच्याशी भांडणच आहे. दारापाशी येऊन ही दीड पान बोलते. कशाला?”

नेमकी तीच प्रेमाची कबुली दिग्दर्शक कापायला निघाला होता, आणि मी कंबर कसून ती वाचवायला आले होते.

“ते माझं सगळ्यात चांगलं लिखाण आहे,” मी फणकारले.

“असेल. पण हे बघा तरी.”

तो चालला. चार भरभर पावलं... एक हळू... मग अर्धंच. टाच टेकलीच नाही. नायिका तोंड उघडणार, तोच त्याने चित्र थांबवलं. दीड पानात मला जे जमलं नव्हतं, ते या माणसाने अर्ध्या पावलात सांगितलं होतं.

“कापा,” मी स्वतः जाऊन दिग्दर्शकाला सांगितलं.

पुढे महिनाभर मी रोज काहीतरी निमित्त काढून त्या खोलीत जात राहिले. तो वाळूवर, लाकडावर, ओल्या गोणपाटावर चालायचा — मी आ वासून बघायचे.

“तुझं काम संपलं ना गं?” आई विचारायची. “मग रोज उठून कुठे जातेस?”

काय सांगणार? जगाच्या प्रेमाचे संवाद लिहिणाऱ्या मला स्वतःसाठी एक ओळ सुचत नव्हती. आणि शुक्रवारी त्याचं इथलं काम संपणार होतं.

शुक्रवारी मी चार ओळी पाठ करून गेले. जिना भरभर चढले. दार अर्धवट उघडं होतं, पण तिथे आल्यावर पाय पुढे पडेना. परत फिरावं का...

“टाच टेकव आता,” आतून तो म्हणाला.

“मीच आहे, हे कसं कळलं?”

“महिनाभर तुझीच पावलं ऐकतोय. दारापाशी आज पहिल्यांदा थांबलीस.”

पाठ केलेलं सगळं विसरले. टाच टेकवली आणि आत गेले.