अभिमनची खाट

पहिल्यांदा दिसला तेव्हा अभिमन खाटेवर मांडी घालून बसला होता, आणि खाट आमच्या छपराच्या वर तरंगत होती.

"ओ ताई, जरा दोर फेका ना!"

"ताई म्हणालास तर राहा तिथंच."

"बरं... ओ मॅडम?"

वैतागून मी दोर फेकला.

आमचं चांदझुलं शहर नकाशात शोधू नका. रावेरच्या केळीबागा संपतात आणि सातपुडा सुरू होतो, तिथं मधेच कुठंतरी आहे. आमच्या डोक्यावर दोन चांद. थोरला आणि धाकला. थोरल्याच्या ओढीनं सगळी घरं उत्तरेला कललेली. अख्ख्या शहरात एक सरळ भिंत दाखवा, शेवभाजी माझ्याकडून! आणि धाकला थोरल्याला येऊन चिकटला, की जोडचांद. मग भर दुपारी खाटा, पातेली, कोंबड्या, केळीचे घड... सगळं वर निघतं. खाटेवर कुणी पसरला असेल, तर तोही. म्हणून दारोदारी लोखंडी खुंटा आणि त्याला केकताडाच्या चिवट वाखाचा दोर. दोर वळतात माझे आबा, डोंगरसिंग. गाठी मारते मी, हेमलता.

आणि रीत एकच, शेंबड्या पोरालाही ठाऊक असलेली. ज्याची वस्तू त्याच्या खुंट्याला. दुसऱ्याच्या खुंट्याला बांधली, की सोयरीक झाली.

अभिमन मागच्या गल्लीत केळी भरायच्या कामावर होता. दर जोडचांदाला त्याची खाट सुटायची आणि नेमकी आमच्या छपरावर यायची. दर वेळी मी ती ओढून न्यायची, त्याच्या खुंट्याला बांधायची. पुढच्या वेळी — परत तेच!

"माझी गाठ कुणी सोडली?"

"वाऱ्यानं."

"वाऱ्याला बोटं असतात?"

"असतात... पण तुझ्यासारखी नाजूक नसतात."

"घट्टे पडलेत माझ्या बोटांना, गाढवा."

"बघू?"

"नीघ!"

घरी येऊन मी घट्ट्यांना खोबरेल चोळलं. कशाला चोळलं, ते विचारू नका.

परवाच्या जोडचांदाला स्वारी पुन्हा हजर. मी खाली ओढत होते, तर वरूनच म्हणतो, "उद्या सावद्याला चाललो. मामाकडं. कायमचा."

माझ्या हातातून दोर वीतभर निसटला.

"जा की."

"तिथं एकच चांद. खाट उडत नाही."

"बरं झालं. माझा ताप वाचला."

"एवढंच?"

"अजून काय पाहिजे?"

त्यानं तोंड उघडलं... चांदांकडं पाहिलं... माझ्याकडं पाहिलं... "काही नाही."

काही नाही! हवेत असताना ज्याची जीभ कात्रीसारखी चालते, त्याची जमीन जवळ आली की दातखीळ बसते! मी त्या रागातच खाट खसकन खाली ओढली. तेवढ्यात शेजारच्या वच्छलाबाई ओरडल्या, "मनी शेळी! मनी शेळी उडनी वं!"

हातातला दोर समोर दिसेल त्या खुंट्याला गुंडाळला, कचकचून गाठ मारली आणि शेळीमागं पळाले.

शेळी काखेत मारून परत आले, तर अख्खी गल्ली बाहेर. सगळे आमच्या दाराकडं बघतायत. दारात खुंटा आमचा... आणि त्याला खाट अभिमनची.

"चुकून झालं!" मी गाठीकडं धावले.

"आते काय सोडस व माय?" वच्छलाबाई शेळी घेत हसल्या. "बठ्ठी गल्लीनी दखं!" खरंच, अख्ख्या गल्लीनं पाहिलं होतं.

आबा मिशीला हात लावत एवढंच म्हणाले, "गाठ पक्की आहे ना?"

अभिमन खाटेवरून उतरला. कानापर्यंत लाल झालेला. मस्करी कुठल्याकुठं पळाली होती.

"हेमलता, चुकून असेल तर सोड. मी उद्या जातोच आहे. तुला कुणी काही म्हणणार नाही."

"आणि चुकून नसेल तर?"

"तर..." तो पायाच्या अंगठ्यानं माती उकरायला लागला. "गाठी मीच सोडायचो. दर वेळी. हातानं सुटत नाहीत तुझ्या, म्हणून दातानं. खाट सुटली नाही तर तू येणार कशाला?"

"पहिल्या दिवसापासून माहितीय, येड्या! दोरावर दातांचे वण होते!"

"मग बोलली का नाहीस?"

"तू का नाही बोललास?"

मी खुंट्यापाशी बसले. माझ्या गाठीचं मोकळं टोक एकदा ओढलं की ती सुटते. ते कुठलं, हे फक्त मलाच ठाऊक. डोळे मिटूनही सापडतं मला ते. वर दोन्ही चांद गालाला गाल लावून बसले होते. मी टोक धरलं...

सोडून दिलं. दुसरं टोक धरलं आणि होता नव्हता तेवढा जोर लावून ओढलं. गाठ आणखी आवळली.

"सुटत नाही," मी म्हणाले. "जाम झालीय."

"तुझी गाठ तुलाच सुटेना?"

"मग तू सोड. दात आहेत ना?"

अभिमननं गाठीकडं पाहिलं, माझ्याकडं पाहिलं, आणि तोंड घट्ट मिटून घेतलं.