सगळ्यांत वरची खिडकी

प्राणेशचं काम ऐकून कुणालाही हसू यावं असं होतं. त्याची कंपनी कॉम्प्युटर गेम बनवायची, आणि खेळणाऱ्याच्या आणि खेळाच्या मध्ये दुसऱ्या कशानं तोंड खुपसू नये, एवढं पाहणं ही त्याची नोकरी. माणूस खेळात अगदी रंगलेला असतो आणि खालून टास्कबार वर सरकतो. कोपऱ्यातून कुठल्याशा मीटिंगची सूचना डोकावते. आवाज कमी करायला जावं तर आवाजाची पट्टी पडद्यावर ठाण मांडून बसते. सगळ्या रंगाचा बेरंग! चेन्नईतल्या शोळिंगनल्लूरच्या एका काचेच्या इमारतीत बसून प्राणेश दिवसभर या आगंतुकांना हाकलत असे. अप्पांना त्यानं हे एकदा समजावून सांगितलं, तेव्हा ते म्हणाले, "मणजे वॉचमनच की रे तू!"

अप्पा म्हणजे सेतुमाधवराव, रेल्वेतून निवृत्त झालेले. घराणं मूळ तंजावरकडचं. बापलेक दोघंच तिरुवल्लिकेणीच्या एका अरुंद गल्लीत, दुसऱ्या मजल्यावर राहत. प्राणेशची आई, कनका, गेल्या उन्हाळ्यात गेली. तेव्हापासून अप्पांचं जेवण पाखराएवढं झालं होतं. हृदय आधीच कमजोर. डॉक्टर म्हणत, गोळ्या चालू आहेत, काळजी नको. पण गोळीनं जगण्याची इच्छा थोडीच येते? अम्माच्या मागोमाग अप्पाही जातील, ही एकच धास्ती प्राणेशच्या उरात बसली होती. रोज दुपारी गोळीची आठवण करायला तो ऑफिसातून फोन करी. खरं तर अप्पांचा आवाज ऐकायला.

हॉलमध्ये सागवानी फळीचा झोपाळा होता. आयुष्यभर अम्मा त्याच्या खिडकीकडच्या टोकाला बसली आणि अप्पा दाराकडच्या. आता अप्पा मधोमध बसत. एका टोकाला बसून एकट्यानं रेटा दिला की झोपाळा वाकडा जातो, रिकामं टोक मागं रेंगाळतं. ते अप्पांना बघवत नसे.

त्या आठवड्यात ऑफिसात सगळ्यांच्या नाकी नऊ आले होते. शुक्रवारी दुपारी परदेशी पाहुणे नवा गेम बघायला येणार होते. गेम होता एकट्या नावाड्याचा. समुद्र, वल्ह्यांचा आवाज, बाकी काही नाही. त्याचा सगळा जीव त्या शांततेत होता. टीमची प्रमुख विद्युलता, मूळ साताऱ्याची, चेन्नईत येऊन दोन वर्षं झाली तरी तिचं तमिळ रिक्षावाल्यापलीकडे गेलं नव्हतं. प्राणेशशी ती मराठीत बोले आणि त्याच्या जुन्या वळणाच्या मराठीची हक्कानं चेष्टा करी.

सोमवारी जेवणानंतर तीच म्हणाली, "प्राणेश, खालच्या कोपऱ्यात काय आहे ते?"

पडद्याच्या उजव्या कोपऱ्यात, समुद्रावर, एक चौकोनी फिकटपणा होता. पुसलेल्या रांगोळीसारखा.

"एखादी सूचना चालू राहिली असेल. काढतो."

त्यानं होत्या नव्हत्या तेवढ्या सूचना बंद केल्या. टास्कबार दडवला. दुसऱ्या दिवशी जेवणानंतर तो चौकोन पुन्हा आला. या वेळी कडा रेखीव होत्या. आत काही नाही, नुसता पांढरा खोका.

आता प्राणेश इरेला पेटला. कॉम्प्युटरवरच्या प्रत्येक खिडकीला आपण सगळ्यांत वर असावंसं वाटतं. सरकारी कचेरीतल्या साहेबांसारखंच ते. कोण वर आणि कोण खाली हे ठरवण्याचे नियम असतात, आणि ते प्राणेशला पाठ होते. त्यानं गेमला बजावलं, तू सगळ्यांत वर. खोका त्याच्याही वर आला. त्यानं सगळा पडदा गेमच्या एकट्याच्या ताब्यात दिला. खोका आलाच. हा कुठल्या प्रोग्रॅमचा म्हणून शोधायला गेला, तर कुठल्याच नाही. त्यानं पडद्याचं चित्र टिपून घेतलं. चित्रात नुसता समुद्र होता.

बुधवारी खोक्यात अक्षरं आली.

शेजारच्या टेबलावरचा मुरली ती वाचू शकला, कारण अक्षरं तमिळ होती. "येऊं का," त्यानं अडखळत वाचलं. "एन्नडा, ही कुठली भाषा?" हे त्यानं तमिळमध्ये विचारलं. विद्युलताला अक्षरं कळेनात, पण मुरलीनं वाचलेलं बरोबर कळलं. तिनं डोळे बारीक केले.

"हे तूच केलंयस. ही चेष्टेची वेळ आहे का?"

"अम्माची शपथ, मी नाही."

शपथ तोंडातून गेली आणि त्याच्या अंगावर काटा आला. तमिळ अक्षरांत मराठी लिहिणारं माणूस त्यानं घरातच पाहिलं होतं. अम्मा तशी लिहायची. स्वयंपाकघरातल्या डब्यांवर तिच्या हातच्या चिठ्ठ्या अजून होत्या, पोहे, साखर, जिरं, सगळं मराठी, सगळं तमिळ अक्षरांत. 'ऊ'ला लांब शेपूट द्यायची तिची सवय होती. खोक्यातल्या 'ऊ'लाही शेपूट होतं.

खाली दोन बटणं होती. एकावर 'आतां', दुसऱ्यावर 'उद्यां'. कुठल्याही सूचनेला लोक जे करतात तेच प्राणेशनं केलं. 'उद्यां' दाबलं. खोका शहाण्या मुलासारखा निघून गेला.

मग त्यानं घरी फोन लावला.

"गोळी घेतलीत, अप्पा?"

"घेतली. तू जेवलास का? सरी, सरी, बरं. आत्ता दाराशी येऊन गेलं."

"कोण?"

"कोणी नाही रे. उद्या ये मटलं. गेलं."

प्राणेशनं फोन ठेवला. योगायोग, असं त्यानं स्वतःला बजावलं आणि ते त्याला मुळीच पटलं नाही.

गुरुवारी तो लॅपटॉप घेऊन घरीच बसला. दुपार तापली होती. खाली गल्लीत मोगऱ्याची माळ विकणारी शेवटची हाक देऊन गेली आणि सगळं सामसूम झालं. पंखा फिरत होता. अप्पा झोपाळ्यावर मधोमध बसून पेंगत होते. लॅपटॉपवर नावाडी वल्हवत होता.

खोका आला. येऊं का?

त्याच क्षणी अप्पांनी मान वर केली. ते ऐकत होते. प्राणेशनंही कान दिला. पंख्याखेरीज कसलाच आवाज नव्हता.

अप्पा उठले. लाकडी दार उघडंच होतं, बाहेरचं लोखंडी जाळीचं दार बंद होतं. त्या जाळीला हात लावून, कुत्र्यामांजराला लावावी तशा मायेनं ते म्हणाले, "उद्या ये हां."

लॅपटॉपवरचा खोका गेला. प्राणेशचा हात माउसपासून वीतभर लांब होता.

"अप्पा, कोण आहे तिथं?"

अप्पा झोपाळ्यावर येऊन बसले.

"आपल्या घरची रीत अहे, तुला ठाऊक नाही. दाराशी कोण अहे ते दिसत नसेल, आणि येऊं का मणून विचारलं, तर ये मणू नये. नको पण मणू नये. उद्या ये, एवढंच मणावं. माझे अप्पा मणायचे, त्यांचे अप्पा मणायचे."

"पण आवाज कुणाचा येतो?"

"कनकेचा."

अप्पा फळीवरून हात फिरवत राहिले.

"ती नाही ती, मला कळतं रे. पण आवाज तिचाच. ये मणावंसं रोज वाटतं. मग तू संध्याकाळी बसमधून दमून येशील ते आठवतं. मणून उद्या ये मणतो."

"मग एकदाचं नको म्हणून टाका ना! तुमच्या जिवाला रोज हा घोर कशाला?"

"नको मटलं की ते विचारायचं थांबतं."

"मग बरंच की."

अप्पांनी त्याच्याकडे पाहिलं. लहानपणी तो समुद्रात फार आत जाऊ लागला की ते असं पाहत.

"विचारतंय तोवर ते बाहेर अहे, कण्णा."

रात्रभर प्राणेशला धड झोप लागली नाही. सकाळी मात्र ऊन पडलं, बस खच्चून भरून आली, आणि शोळिंगनल्लूरला उतरेपर्यंत तो पुन्हा कॉम्प्युटरवाला झाला. म्हातारं माणूस, एकटेपण, गोळ्यांचा परिणाम. आणि खोका? असेल कसली तरी खोट. आपल्याला सापडली नाही म्हणून खोट नाही, असं थोडंच आहे?

पाहुणे जेवून वर येणार होते. मोठा पडदा भिंतभर लावला होता. समुद्र त्यावर इतका सुंदर दिसत होता की विद्युलता हातातलं काम सोडून बघतच राहिली.

मग कोपऱ्यात खोका आला.

प्राणेशनं 'उद्यां' दाबलं. खोका गेला आणि लगेच परत आला. पुन्हा दाबलं. पुन्हा आला. असं कधी झालं नव्हतं. रोज एकदाच विचारायचं ते. आज त्याला घाई होती.

आणि आज खाली आणखी एक ओळ होती. बारीक अक्षरांत, शेजारी टिचकी मारून निवडायचा एक रिकामा ठिपका. 'परत विचारूं नको.'

"लिफ्टमध्ये आहेत ते," विद्युलता दारातून म्हणाली. तिचा चेहरा पांढरा पडला होता. "प्राणेश, हात जोडते. ते जे काय आहे ते कायमचं बंद कर."

माउसचा बाण त्या ठिपक्यावर नेऊन तो थांबला. अप्पांचं बोलणं त्याच्या कानात होतं. पण असले ठिपके त्यानं उभ्या आयुष्यात शेकड्यांनी टिचकले होते. प्रत्येक सूचनेखाली असतात ते. बाहेर लिफ्टचं दार उघडल्याचा आवाज आला, बोलणी जवळ आली.

त्यानं ठिपका टिचकला.

खोका गेला. कोपरा स्वच्छ झाला. नावाडी वल्हवत राहिला आणि त्याच्यावर काहीही आलं नाही. पाहुणे शेवटपर्यंत खुर्चीला खिळून होते. नंतर टाळ्या झाल्या. विद्युलतानं त्याच्या पाठीवर थाप मारली. "जिंकलास लेका!" तिच्या डोळ्यांत पाणी होतं.

प्राणेश जिन्यात जाऊन फोन करू लागला. बराच वेळ वाजल्यावर अप्पांनी उचलला.

"अप्पा, गोळी?"

"आज हाक आलीच नाही रे."

आवाज हसरा होता. गेल्या उन्हाळ्यानंतर प्राणेशनं हा आवाज ऐकला नव्हता.

"बरं झालं," तो म्हणाला.

"बरंच जालं," अप्पा म्हणाले. त्यांच्यामागं झोपाळ्याच्या कड्या संथ वाजत होत्या. "बघ, ही हसतेय."

"कोण? अप्पा, कोण हसतंय?"

फोन ठेवल्याचा आवाज आला. पुन्हा कितीदा लावला तरी कुणी उचलला नाही.

तो धावत खाली आला. रिक्षा मिळाली, पण रस्ता पावलोपावली तुंबलेला. ड्रायव्हरला तो घाई करायला सांगत राहिला आणि मनात एकच म्हणत राहिला, अप्पा, उद्या ये म्हणा, उद्या ये म्हणा. मग त्याच्या ध्यानात आलं की आता तसं म्हणायला कुणी विचारणारच नव्हतं. ती सोय त्यानं आपल्या हातानं मोडली होती.

गल्लीत शिरला तेव्हा देवळातली घंटा वाजत होती. घराघरांत दिवे लागले होते. तो दोन दोन पायऱ्या चढत वर गेला.

लाकडी दार सताड उघडं होतं. जाळीच्या दाराला आतून कुलूप होतं. बाहेरून उघडणारी किल्ली नव्हतीच कधी. घरात कायम कुणीतरी असे.

आत दिवा नव्हता. गल्लीतल्या दिव्याचा उजेड खिडकीतून झोपाळ्यावर पडला होता.

अप्पा बसले होते. जिवंत होते. एका पायानं हळूहळू झोका देत होते. प्राणेशला रडू फुटलं.

मग त्यानं पाहिलं. अप्पा मधोमध नव्हते. दाराकडच्या टोकाला होते, आपल्या जुन्या जागी.

"अप्पा!"

अप्पांनी वळून पाहिलं नाही. खिडकीकडच्या टोकाकडे तोंड करून ते काहीतरी ऐकत होते आणि मान डोलावत होते.

"अप्पा, मी. प्राणेश."

कड्या वाजत होत्या.

त्यानं दोन्ही हातांनी जाळी धरली, हलवली. शेजारच्यांना बोलवावं, कुलूप तोडावं, सगळं त्याला सुचत होतं. पण तोंडातून लहान मुलासारखं भलतंच निघून गेलं.

"अप्पा, येऊं का?"

आता अप्पांनी दाराकडे पाहिलं. नजर त्याच्यावर आली आणि त्याच्यातून पलीकडे गेली. कुत्र्यामांजराला लावावी तशा मायेनं ते म्हणाले,

"उद्या ये हां."

आणि त्यांनी पायानं रेटा दिला. झोपाळा सरळ मागं गेला, सरळ पुढं आला.